उन्हात झोपणारं झाड



एप्रिलमध्ये शिमला-कुलूकडे जाऊन आलेली मंडळी तिथल्या एका छोट्या झाडाचं फार कौतुक करतात. पांढऱ्या-गुलाबी फुलांनी ते लदबदून जातं आणि मग त्याला सुपारीएवढी आंबट सफरचंदं लागतात. हे क्रॅबअॅपल, म्हणजे सफरचंदाचं रानटी भावंड. तिकडचे बागायतदार त्याच्या रोपांवर चांगल्या सफरचंदाची कलमं बांधतात आणि परागीकरणासाठी ते बागेत मुद्दाम लावतात. “आमच्या इनामगावात ते येईल का हो?” असं मला विचारतात.

खरं सांगायचं तर, नाही येणार. ते झाड थंडीत झोपतं. कित्येक आठवडे कडाक्याचा गारठा मिळाला, तरच त्याचे डोळे वेळेवर फुटतात. इनामगावात, घोड नदीच्या काठी, तेवढी थंडी कुठून आणायची? पण अंगणात हौसेनं लावावं असं आपलंही एक झाड आहे. ते थंडीत नाही, उन्हाळ्यात झोपतं. मी बोरीबद्दल बोलतोय.

शिरूर-दौंडच्या लोकांना बोर नवी नाही. दौंड तालुक्यातली गावं आठवा: बोरीबेल, बोरी ऐंदी, बोरीभडक, बोरीपार्धी. ज्या मुलखात गावांनीच झाडाचं नाव घेतलं, तिथं ते झाड रुजेल का, ही शंका कशाला?

इनामगावचा पुरावा तर गावांच्या नावांहूनही जुना आहे. डेक्कन कॉलेजच्या संशोधकांनी 1968 ते 1983 या काळात इथल्या टेकाडांचं उत्खनन केलं. डॉ. ह. धी. सांकलिया, डॉ. म. के. ढवळीकर आणि डॉ. झै. दा. अन्सारी ही त्यातली मोठी नावं. इसवी सनापूर्वी सुमारे 1600 ते 700 या काळातली शेतकऱ्यांची वस्ती त्यांनी उजेडात आणली. ही माणसं मुख्यतः जव पिकवत. पुराचं पाणी वळवायला त्यांनी पाट खोदला होता, बांध घातला होता. त्यांच्या घरांच्या मातीत जळून कोळसा झालेलं धान्य सापडलं आणि त्याबरोबर बोराच्या बियाही. पुढे पाऊस कमी झाला, शेती खालावली, चौकोनी प्रशस्त घरांच्या जागी लहान गोल झोपड्या आल्या, असं ढवळीकरांनी मांडलं आहे. अशा दिवसांत रानातल्या फळाचा माणसाला केवढा आधार वाटला असेल!

बोर टिकते ती दोन गोष्टींच्या जोरावर. तिचं सोटमूळ खोल जातं. आणि मार्च-एप्रिलपासून ऊन तापलं, की ती पानं गाळून गप्प बसते. पाणी नसताना पानं सांभाळायची कशाला, असा तिचा हिशेब. मृगाच्या सरी आल्या की तिला नवी फूट येते, पावसाळा सरताना फुलं येतात आणि थंडीत फळं पिकतात. बोरीची फुलं इवलीशी, हिरवट पिवळी. ती लांबून दिसत नाहीत. पण झाडाखाली उभं राहिलं तर माश्यांची गुणगुण कानावर येते. वरून चकचकीत आणि खालून पांढुरकी पानं, वाकलेल्या फांद्या, पौषात त्यांच्यावर पिवळी-तांबडी फळं. अंगणाला शोभा यायला आणखी काय हवं?

आता लावायचं कसं ते सांगतो. गावठी बोराच्या बिया मिठाच्या पाण्यात टाका. तरंगतील त्या फेकून द्या, बुडतील त्या धुऊन ठेवा. वरचं कठीण कवच जपून फोडलं तर बी लवकर उगवते. जूनमध्ये दोन फूट लांब, रुंद आणि खोल खड्डा घ्या, त्यात माती आणि कुजलेलं शेणखत भरा आणि बी तिथंच लावा. पिशवीत सोटमूळ वेटोळं घेतं, म्हणून कायमच्या जागी पेरलेलं बरं. भिंतीपासून दहा-बारा फूट लांब आणि येण्याजाण्याच्या वाटेपासून बाजूला लावा. काटे आहेत, हे विसरू नका.

खोड पेन्सिलीएवढं जाड झालं की पावसाळ्यात त्यावर उमराण, कडाका किंवा मेहरूण या जातीचा डोळा भरा. डोळ्याखाली येणारी गावठी फूट काढत राहा. शेजारी दुसऱ्या जातीचं एखादं झाड असू द्या, कारण बोरीच्या पुष्कळ जातींना परका पराग लागतो. जे काम हिमाचलात क्रॅबअॅपल करतं, तेच इथं शेजारची बोर करेल.

छाटणी मात्र चुकवू नका. बोरीला फुलं येतात ती त्याच वर्षीच्या नव्या फुटीवर. म्हणून एप्रिल-मेमध्ये, झाड झोपेत असताना, गेल्या वर्षीच्या फांद्या आखूड करा. पावसाळ्यानंतर पानांवर भुरी दिसली तर पाण्यात विरघळणारं गंधक फवारा. फळमाशीने किडलेली, गळलेली बोरं रोज वेचून नष्ट करा, आणि उन्हाळ्यात झाडाखालची माती उकरून उन्हात तापू द्या.

आज बाजारात मोठं हिरवं अॅपल बोर मिळतं. ते जरूर खा. पण संक्रांत ते रथसप्तमी या दिवसांत घरात बोरन्हाण होतं, तेव्हा बाळाच्या डोक्यावर चुरमुरे, उसाचे करवे, हरभरे यांबरोबर ओतायला छोटं गावठी बोरच लागतं. हल्ली त्याच्या जागी गोळ्या-चॉकलेटं ओततात, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

म्हणून एवढंच मागणं आहे. तुमच्या घरातल्या बाळाचं यंदा पहिलं बोरन्हाण असेल, तर मुलांनी खाल्लेल्या बोरांच्या मूठभर बिया धुऊन, वाळवून ठेवा. जूनमध्ये त्यांतल्या दोन-तीन अंगणात पेरा. एका रोपावर डोळा भरा, एक गावठीच वाढू द्या. बोरन्हाण पाच वर्षांपर्यंत करतात, आणि तेवढ्या अवधीत बोर फळाला येते. बाळाचं शेवटचं बोरन्हाण त्याच्या स्वतःच्या झाडाच्या बोरांनी करता येईल.