चाचा

आमच्या मीरा रोडच्या इमारतीतली झाडून सगळी मुलं मला 'चाचा' म्हणतात. मराठीत चाचा म्हणजे समुद्रावरचा दरोडेखोर, हे त्यातल्या बऱ्याच जणांना ठाऊक नाही. गेल्या डिसेंबरात शाळेच्या गॅदरिंगसाठी समोरच्या घरातला सात वर्षांचा मुलगा एका डोळ्यावर काळी पट्टी, ओठावर काजळाची मिशी आणि कमरेला पुठ्ठ्याची तलवार अशा थाटात माझ्या दारात उभा राहिला. "चाचा, मी कोण ओळखा!" मी म्हटलं, "तू खरा चाचा. मी नावाचाच." त्याला विनोद कळला नाही. पण त्या पोशाखाकडे पाहताना मला ज्या माणसाची आठवण झाली, तो या मुलाच्या गोष्टीच्या पुस्तकात नसावा.

त्याचं नाव हेन्री एव्हरी. जातीचा इंग्रज खलाशी. १६९४ साली स्पेनच्या किनाऱ्यावर 'चार्ल्स' नावाचं जहाज पगार थकल्यामुळे अडकून पडलं होतं. एव्हरीने बंड करून ते पळवलं, त्याचं नाव 'फॅन्सी' ठेवलं आणि आफ्रिकेला वळसा घालून तो तांबड्या समुद्राच्या तोंडाशी येऊन दबा धरून बसला. हजहून परतणारी आणि मोख्याचा व्यापार उरकून येणारी सुरतेची जहाजं त्याच वाटेने येत. १६९५ च्या सप्टेंबरात त्याला आधी सुरतेचे बडे व्यापारी अब्दुल गफूर यांचं 'फतेह मुहम्मद' सापडलं आणि मागोमाग सुरत जवळ आली असताना खुद्द औरंगजेब बादशहाचं 'गंज-ए-सवाई'.

त्या काळचा इतिहासकार खाफी खान याने ही हकिगत लिहून ठेवली आहे. गंज-ए-सवाईवर ८० तोफा होत्या, ४०० बंदुका होत्या, आणि मोखा-जेद्द्याच्या विक्रीचे ५२ लाख रुपये होते, असं तो म्हणतो. आकड्यांत थोडं पाणी असेल, इतिहासकारही माणूसच. पण इतक्या तोफांचं जहाज हरलं कसं? एक तोफ आपल्याच माणसांवर फुटली, डोलकाठी तुटली, आणि कप्तान इब्राहिम तळघरात जाऊन लपला. एवढंच नाही, तर मोख्याला विकत घेतलेल्या मुलींच्या डोक्यावर त्याने पगड्या बांधल्या, हातात तलवारी दिल्या आणि त्यांना लढायला वर पाठवलं. खाफी खानाने आपल्या कप्तानाला सोडलेलं नाही, याबद्दल मला त्याचा आदर वाटतो.

पुढचे काही दिवस जहाजावर जे झालं ते रेडिओवर सविस्तर सांगण्यासारखं नाही. बायकांची अब्रू लुटली गेली. कित्येकींनी समुद्रात उड्या घेतल्या, कित्येकींनी सुरे पोटात खुपसून घेतले.

बादशहा खवळला. सुरतेच्या वखारीतले इंग्रज बेड्यांत अडकले, कंपनीचा व्यापार ठप्प झाला. मग इंग्लंडमध्ये एव्हरीच्या डोक्यावर बक्षीस लागलं. एव्हरी सापडला नाही, कधीच नाही. त्याचे काही साथीदार मात्र सापडले आणि १६९६ च्या ऑक्टोबरात लंडनला खटला उभा राहिला. इथे कान देऊन ऐका. पहिला खटला गंज-ए-सवाईच्या लुटीचा होता. ज्यूरीने आरोपींना निर्दोष सोडलं. सरकारची पंचाईत झाली. मग बारा दिवसांनी दुसरा खटला भरला, 'चार्ल्स' हे इंग्रज जहाज पळवल्याचा. त्यात दोषी! नोव्हेंबरात पाच जण फासावर गेले. त्यातल्या एकाने शेवटच्या क्षणी जहाजावरच्या लोकांशी आपण केलेल्या क्रूरपणाची कबुली दिली म्हणतात. कोर्टाने ज्याबद्दल सोडलं, त्याबद्दल त्याचं मन त्याला सोडायला तयार नव्हतं.

एव्हरीवर पोवाड्यासारखी कवनं झाली, मादागास्करमध्ये तो राजा होऊन बसला आहे अशा अफवा उठल्या, १७१२ साली लंडनच्या रंगभूमीवर त्याच्यावर बेतलेलं नाटक लागलं. त्याच सुमारास आपल्या कुलाब्याला कान्होजी आंग्रे समुद्रावर हुकूम चालवत होते. आपल्या पाण्यातून जायचं तर आमचा दस्तक घ्या, हे त्यांचं म्हणणं. पोर्तुगीज हेच दोनशे वर्षं करत आले होते, आमच्या या भाईंदर-वसईच्या किनाऱ्यावर बसून. त्याला कायदा म्हणायचं. १६१३ साली तर जहांगीराच्या आईचं 'रहिमी' जहाज परवाना असूनही त्यांनी धरलं होतं. पण कान्होजींना मात्र इंग्रज आपल्या कागदांत सरळ चाचा लिहीत. १७१८ मध्ये खांदेरीवर आणि १७२१ मध्ये पोर्तुगिजांना घेऊन अलिबागवर त्यांनी चाल केली. दोन्हीदा हात हलवत परतले. आपल्या नौदलाच्या मुंबईतल्या तळाला आज आंग्र्यांचं नाव आहे, हे बरं झालं.

पण माझं मन कप्तानांत फार रमत नाही. माझी आई १९८६ साली मुंबईहून जहाजाने हजला गेली. १९९५ पर्यंत तशी जहाजं जात. परतली तेव्हा मी बंदरावर घ्यायला गेलो होतो. सामान काय, तर खजुराचे डबे, झमझमच्या पाण्याचा एक पत्र्याचा डबा, शेजारणींसाठी तसबिह आणि माझ्यासाठी एक घड्याळ, जे महिन्यात बंद पडलं. किनारा दिसू लागला तेव्हा सगळ्या बायका कठड्याशी गर्दी करून रडत होत्या, असं ती सांगायची. गंज-ए-सवाईवरच्या बायकाही घराच्या इतक्याच जवळ आल्या होत्या. त्यांच्यापैकी एकीचंही नाव मला कुठे वाचायला मिळालेलं नाही. एव्हरीवर कवनं झाली. मीही कवी आहे, आणि तीस वर्षांत या बायकांवर माझ्याकडूनही एक ओळ झालेली नाही.

हे सगळं त्या मुलाला सांगणं शक्य नव्हतं. हजहून येणारं जहाज, त्यावर डाका, एवढंच सांगितलं. त्याने विचारलं, "पेट्यांत खजिना होता?" म्हटलं, "होता. आणि खजूर होते, पाणी होतं."

"पाणी? समुद्रात पाणी कशाला न्यायचं?"

मग मला झमझमची गोष्ट पहिल्यापासून सांगावी लागली. काजळाची मिशी पुसट झाली तरी तो ऐकत बसला होता.