अंगण जेवढं, तेवढी पंगत

मी राहुरी तालुक्यातली. शेतकऱ्याच्या घरातली बाई. गावातल्या बचत गटाचा हिशोब वीस वर्षं माझ्याकडे आहे, एवढीच काय ती माझी लायकी. आकाशवाणीच्या ताई म्हणाल्या, "लग्नाच्या खर्चावर बोला." मी म्हटलं, दुसऱ्यांच्या लग्नावर बोलायला सगळेच आहेत. मी माझ्या दोन मुलींच्या दोन लग्नांचंच सांगते.

थोरलीचं लग्न २०११ साली झालं. कार्यालयात. माणसं किती आली ते नेमकं कुणालाच माहीत नाही, पण आचाऱ्याने पैसे अकराशे ताटांचे घेतले. तीनशे टोप्या आणि टॉवेल मानपानाला आणले होते. त्यातले किती जणांनी घरी नेऊन वापरले, देव जाणे. मांडवात पुढाऱ्यांचे सत्कार चालले, शाली झाल्या, नारळ झाले, भाषणं झाली आणि साडेबाराचा मुहूर्त पावणेदोनला लागला. त्या लग्नासाठी काढलेले तीन लाख फेडायला आम्हाला सहा वर्षं लागली. मुलीला पहिलं मूल झालं, ते शाळेत जायला लागलं, तरी आजोबांचे हप्ते चालूच. मालक रात्री उठून ओट्यावर बसायचे. विचारलं तर म्हणायचे, "उकडतंय." माघाच्या थंडीत!

धाकटीचं जमलं २०२३ च्या सुरुवातीला. भरवसा कांद्यावर होता. त्या फेब्रुवारी-मार्चमध्ये कांद्याचं काय झालं ते तुम्हाला आठवत असेल. किलोला चार-पाच रुपये. काढणी आणि गाडीभाडंही निघेना. सरकारने क्विंटलला ३५० रुपये अनुदान जाहीर केलं, पण लग्न काही अनुदानाची वाट बघत थांबत नाही. घरात होते एक लाख तीस हजार. मुलगीच म्हणाली, "आई, आपल्या दारात करू."

तिच्या डोळ्यांपुढे शेजारचं लग्न होतं. करोनाच्या काळात २०२० मध्ये पन्नास माणसांची मर्यादा होती आणि २०२१ च्या एप्रिलमध्ये तर पंचवीस माणसं आणि दोन तास, असा नियम आला. तेव्हा गल्लीत एक लग्न अंगणात लागलं. घरची चार बायकामाणसं, सनईची कॅसेट आणि वरणभात. ते जोडपं आज छान नांदतंय. पण नियम उठले आणि पुढच्याच वर्षी सगळे पुन्हा लॉनवर.

मी वही घेतली. आणि इथेच पहिली चूक होणार होती. आपण खर्च लिहायला सुरुवात करतो ती बस्त्यापासून. साडी केवढ्याची, शालू केवढ्याचा. मी आधी टेप घेऊन अंगण मोजलं. साठ बाय पन्नास फूट. एका कडेला लग्नाचा मांडव, मागे गोठ्याच्या बाजूला चुली, उरलेल्या जागेत समोरासमोर पंगती. एका वेळी ऐंशी पानं बसतात. तीन पंगती सावकाश उठवता येतात, चौथीला माणसं कावतात. म्हणजे दोनशे चाळीस. निम्मी त्यांची, निम्मी आमची. हा आकडा मी वहीच्या पहिल्या पानावर लिहिला आणि खाली दोन रेघा मारल्या.

मग एका माणसामागे किती, ते काढलं. केटररने ताटाला २२० रुपये सांगितले. आचारी लावून सामान आपलं घातलं तर दीडशेच्या आसपास बसत होतं. गहू घरचा, वांगी घरची. वाढायला भावकीतली पोरं आणि गटातल्या बायका. पण माणूस नुसतं ताट खात नाही. त्याला खुर्ची लागते, पाणी लागतं, डोक्यावर सावली लागते, आहेर केला तर तोही. सगळं धरून माणशी तीनशेच्या खाली येईना. "आले शंभर जास्त तर काय बिघडलं?" असं जे सहज म्हटलं जातं ना, त्याचे तीस हजार होतात.

आमची पहिली यादी चारशे दहा नावांची होती. ती एकशेवीसवर आणायची. इथे घरात ठिणगी पडली. दीर म्हणाले, "वहिनी, आपण त्यांच्याकडं जेवून आलोय. आता त्यांना वगळायचं म्हणजे तोंड कसं दाखवायचं?" त्यांचं चुकत नव्हतं. खेड्यात जेवण हे उसनं असतं, ते फेडावं लागतं. मी म्हटलं, "भाऊजी, उसनं फेडायला नवं कर्ज काढायचं का?" ते उठून गेले. शेवटी ठरलं की चूलबंद आवतण फक्त सख्ख्यांना, बाकी गावात घरटी एक माणूस. तरी माहेरच्या एक मावशी राहिल्याच. थोरलीच्या बाळंतपणात रात्र रात्र जागलेली बाई. यादीवर यादी उतरवताना नाव सुटलं. वर्षभर त्या माझ्याशी बोलल्या नाहीत आणि त्यांचा राग खरा होता.

"आपल्यात असं नसतं," हेही फार ऐकलं. मी सांगायचे, जोतीराव फुल्यांच्या सत्यशोधक समाजाने पहिला विवाह लावला तो २५ डिसेंबर १८७३ ला, थाटमाट न करता. आणि सावित्रीबाई शिक्षिका होण्याचं शिकल्या ते आपल्या नगरलाच, फरारबाईंकडे. तेव्हा आपल्यात नसतं असं कसं म्हणता?

सगळ्यात धास्ती विहीणबाईंची होती. मालकांना म्हटलं, "याद्या व्हायच्या आधी मी एकटी जाऊन येते." श्रीगोंद्याला गेले, वही त्यांच्यासमोर ठेवली. त्यांनी पानं उलटली आणि विचारलं, "टोपी-टॉवेल कुठं दिसत नाही?" मी म्हटलं, "ताई, नाही धरलं." त्या बराच वेळ गप्प होत्या. मग म्हणाल्या, "आमच्या पोरीच्या वेळी आम्हीबी अजून फेडतोय." जेवणाचा निम्मा खर्च त्यांनी आपणहून अंगावर घेतला. हुंड्याचा विषय निघालाच नाही. निघाला असता तर मी वही घेऊन परत आले असते.

वहीत धरले होते एक लाख ऐंशी हजार. झाले एक लाख शहाण्णव. वरचे सोळा हजार कुठे गेले ते मुद्दाम सांगते, कारण दारातल्या लग्नात हेच चुकतं. कार्यालयात जे भाड्यात येतं ते दारात आपल्याला आणावं लागतं. अंगण खडबडीत, त्यावर दोन ट्रॉल्या मुरूम टाकून दाबून घ्यावा लागला. साडेतीन हजार. संडास घरात एकच. दोनशे चाळीस माणसांत बायकांनी जायचं कुठे, हे मला आठ दिवस आधी सुचलं. दोन तात्पुरते आणले, पाच हजार. बाकी साडेसात हजार बस्त्यात वाढले. दुकानात बसल्यावर माझीही नजर फिरली, खोटं कशाला बोलू?

मांडवावर ताडपत्रीचे पैसे आधीच धरले होते, एप्रिलमधल्या अवकाळीने शहाणपण शिकवलं होतं. जनरेटर धरला होता आणि नेमकी अक्षतांच्या वेळी वीज गेली. पाण्याचा टँकर आदल्या रात्रीच भरून उभा केला. मे महिन्यात सकाळी टँकरची वाट बघणं म्हणजे लग्न बुडवणं.

कमी पडले ते पन्नास हजार गटाकडून उचलले, चौदा महिन्यांत फिटले. विवाहाची नोंद ग्रामसेवकांकडे नव्वद दिवसांच्या आत करून घेतली. थोरलीची राहिली होती, तिला पुढे कागदपत्रांना फार त्रास झाला.

हळदीच्या दिवशी सकाळी दीर आले. ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत आंब्या-जांभळाचे डहाळे. माझ्याशी बोलले नाहीत, पण मांडव त्यांनीच सजवला. लग्नात तिन्ही पंगती संपेपर्यंत हातात मठ्ठ्याची बादली घेऊन फिरत होते.

२०२५ मध्ये नगरला मराठा समाजाच्या बैठकीत लग्नासाठी आचारसंहिता ठरली, पेपरात आलं होतं. चांगलं झालं. पण पहिल्या पानावरचा आकडा ज्याच्या त्यानेच लिहायचा असतो.

माझी वही सध्या जावेकडे आहे. त्यांच्या मुलाचं यंदा ठरलंय. परवा बघितलं तर माझे दोनशे चाळीस खोडून चारशे केलेत. अंगण त्यांचं आमच्यापेक्षा दहा फुटांनी कमी आहे. उद्या टेप घेऊन जाणार आहे मी.