रंगविलेल्या चेहऱ्यामागील आवाज

(वार्षिक मेळाव्यात युवक व पालकांसमोर दिलेल्या भाषणाचा मजकूर)



आपल्या घरांतून अलीकडे एक प्रश्न वारंवार ऐकू येतो. मुलगा किंवा मुलगी म्हणते, "मला गाण्यातच काही करावयाचे आहे," आणि आईवडिलांच्या पोटात गोळा उठतो. मोठ्या कष्टाने आपण या परक्या भूमीवर पाय रोवले. मुलांनी पुन्हा अनिश्चिततेच्या वाटेने जाऊ नये, असे आपणांस वाटणे स्वाभाविकच आहे. या प्रश्नाचे तयार उत्तर आमच्यापाशी नाही. परंतु ज्या देशात आपण राहतो, त्याच देशातील एका कलावंताची वाटचाल आज आपल्यापुढे मांडावी, असे आम्ही योजिले आहे. पालक आणि मुले, दोघांनाही तीतून काही घेता येईल.

या कलावंताचे नाव माइक गायर. जॉर्जिया राज्यातील अटलांटा शहर ही त्यांची कर्मभूमी. साडेसहा फुटांहून अधिक उंची आणि सभागृह भरून टाकणारा खर्जाचा आवाज, ही त्यांची निसर्गदत्त संपत्ती. तथापि जग त्यांना ओळखते ते 'पडल्स' या नावाने. पडल म्हणजे पावसाचे साचलेले डबके! त्यांच्या कार्यक्रमाचे नाव 'पडल्स पिटी पार्टी'. आपल्याच दुःखाला कुरवाळीत बसण्याला इंग्रजीत जे थट्टेने म्हणतात, तेच त्यांनी आपल्या पाटीवर लिहिले. पांढराशुभ्र ढगळ पोशाख, त्यावर काळ्या गोंड्यांची बटणे, गळ्याभोवती चुणीदार झालर, रंगाने माखलेला चेहरा आणि डोक्यावर इवलासा सोनेरी मुकुट. हातात कंदील व जुनी पेटी घेऊन हा विदूषक रंगमंचावर येतो. तो बोलत नाही. एक शब्दही नाही. तो केवळ गातो.

या सोंगामागे मोठी परंपरा उभी आहे. आपल्या तमाशातील सोंगाड्या हजरजबाबी बोलण्याने हसवितो. युरोपातील पांढऱ्या चेहऱ्याचा पिएरो मात्र मुका राहिला. एकोणिसाव्या शतकात पॅरिसच्या रंगमंचावर देब्युरो या नटाने त्या मूकपणाला प्रतिष्ठा मिळवून दिली. पुढे 1892 साली मिलान येथे लिऑनकाव्हालो यांचे 'पाल्याची' हे संगीतनाट्य रंगभूमीवर आले. त्यातील विदूषकाचे अंतःकरण विदीर्ण झालेले असते, तरी त्याला रंग लावून लोकांना हसवावे लागते. अमेरिकेत विसाव्या शतकात एमेट केली यांनी फाटक्या कपड्यांतील भटक्या उभा केला. मंदीच्या काळात ज्यांची कामे गेली, त्या माणसांना त्याच्यात आपली छाया दिसली. पडल्स हा या सर्वांचा वारस आहे. त्याने भर घातली ती गाण्याची.

गायर एका रात्रीत प्रसिद्ध झाले, असे कोणी म्हणेल. वस्तुस्थिती तशी नाही. अटलांटामध्ये 'किंगसाइझ्ड' नावाच्या वाद्यवृंदासह ते अनेक वर्षे गात होते. ऑक्टोबर 2013 मध्ये स्कॉट ब्रॅडली या पियानोवादकाच्या 'पोस्टमॉडर्न ज्यूकबॉक्स' या संचाबरोबर त्यांनी 'रॉयल्स' हे गीत गायिले. मूळ गीत न्यूझीलंडच्या लॉर्ड या किशोरवयीन गायिकेचे. त्या वर्षी ते सर्वत्र गाजत होते. ब्रॅडली यांची सुरुवातीची चित्रणे न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागातील त्यांच्या राहत्या घराच्या बैठकीत होत असत. त्यांत भव्य मंच नाही, झगझगाट नाही. इंटरनेटवर यूट्यूबच्या द्वारे ते चित्रण कोट्यवधी वेळा पाहिले गेले. विदूषक पाहून हसू येईल, या अपेक्षेने लोकांनी ते उघडले असावे. पहिल्या ओळीबरोबर ते स्तब्ध झाले. दार उघडले ते यंत्राने. आत पाऊल टाकावयास मात्र वर्षानुवर्षांचा रियाज लागला.

गायर यांची आणखी एक लकब आपल्या लोकांना लगेच उमगेल. 'पिनबॉल विझर्ड' या गीताचे शब्द त्यांनी जॉनी कॅश यांच्या 'फोल्सम प्रिझन ब्लूज' या गीताच्या चालीवर बसविले. लोकांच्या ओठांवरील चाल घ्यावी आणि तीत दुसरे शब्द भरावेत, ही युक्ती आपल्या गायन पार्ट्यांनी पिढ्यान्‌पिढ्या वापरलेली आहे. चाल ओळखीची असली म्हणजे ऐकणाऱ्याच्या मनात शब्दाला चटकन वाट मिळते.

आता या वाटचालीतील कसोटीचा काळ. 2016 च्या उन्हाळ्याच्या अखेरीस दक्षिण कॅरोलिनातील ग्रीनव्हिल येथून भीतिदायक विदूषक दिसल्याच्या वार्ता सुरू झाल्या आणि पाहता पाहता त्या देशभर पसरल्या. त्या ऑक्टोबरमध्ये मॅक्डोनाल्ड कंपनीने आपल्या रोनाल्ड या विदूषकाचे सार्वजनिक कार्यक्रमही कमी केले. रंगविलेला चेहरा म्हणजे धोका, असे समीकरण झाले. मे 2017 मध्ये रिंगलिंग ब्रदर्स ही जुनी सर्कस बंद पडली. पुढे 2023 साली ती निराळ्या स्वरूपात परतली. नेमक्या त्याच 2017 साली पडल्स 'अमेरिकाज गॉट टॅलेंट' या दूरचित्रवाणीवरील स्पर्धेत उभा राहिला. त्याने सिया या गायिकेचे 'शँडेलिअर' हे गीत संथ लयीत गायिले. बाह्य रूप पाहून जो ग्रह होतो, तो तीन मिनिटांच्या गाण्याने कसा वितळतो, हे लाखो घरांनी पाहिले. ती स्पर्धा तो जिंकला नाही. उपांत्यपूर्व फेरीपर्यंतच पोहोचला. परंतु नाट्यगृहांतील त्याचे कार्यक्रम पुढेही चालू राहिले. आपली शक्ती कोठे आहे हे ज्याला ठाऊक आहे, तो पराभवाने संपत नाही.

मित्रहो, मुखवट्याविषयी दोन शब्द बोलणे आम्हांस अगत्याचे वाटते. आपणांपैकी कित्येकांना कचेरीत आपले नाव तोडून, लहान करून सांगावे लागते. कित्येकजण आपल्याच देशबांधवांच्या बैठकीत आडनाव विचारले जाताच विषय बदलतात. तोही एक मुखवटाच आहे. भीतीपोटी चढविलेला मुखवटा माणसाला आतून लहान करीत जातो. गायर यांनी मुखवटा स्वतः निवडला. त्यात लपविण्यासारखे काही नव्हते. रंगाखालचा माणूस कोण, हे सर्वांना ठाऊक आहे. रंग लावल्यामुळे एका उंचपुऱ्या पुरुषाला चारचौघांत दुःख व्यक्त करण्याची मोकळीक मिळाली. आपण घेतलेले सोंग आपल्याला मोकळे करते की कोंडून ठेवते, हा प्रश्न प्रत्येकाने स्वतःला विचारावा.

पालकांना आमची विनंती अशी की, मुलाने वेगळी वाट मागितली तर प्रथम त्याचा रियाज पाहावा. तो रोज बसतो काय? कोणी ऐकत नसतानाही गातो काय? तसे असेल, तर त्याच्या पाठीवर हात ठेवावा. मुलांना सांगणे असे की, पडद्यावरील आकड्यांना उपजीविका समजू नका. एका चित्रणाने नाव होते. घर चालते ते गावोगाव केलेल्या कार्यक्रमांवर, वेळ पाळण्यावर आणि सोबतच्या वादकांशी राखलेल्या सचोटीवर. शिक्षण पूर्ण करा. ते कलेच्या आड येत नाही. करारावर सही करताना तेच उपयोगी पडते.

पुढील वर्षीच्या मेळाव्यात अर्धा तास केवळ आपल्या मुलांच्या गायन-वादनासाठी राखून ठेवावा, अशी सूचना आम्ही कार्यकारिणीपुढे ठेवतो. ज्यांना रंग लावून यावयाचे असेल त्यांनी रंग लावून यावे, ज्यांना उघड्या चेहऱ्याने यावयाचे असेल त्यांनी तसे यावे. नाव मात्र सर्वांनी पूर्ण सांगावे, आडनावासह, आणि मोठ्याने.