विसरलेल्यांसाठी जामीन
(पुणे येथील मंडळीच्या सभेत केलेले भाषण)



येरवडा कारागृह १८७१ चे. त्याच वर्षी इंग्रज सरकारने गुन्हेगार जमाती कायदा करून कित्येक जमातींवर जन्मतःच शिक्का मारला. कायदा गेला, शिक्का पुरता पुसला नाही. आजही मला तेथे आदिवासी कच्चे कैदी भेटतात.

भिंती आपल्याला दिसतात. मनाचे काय होते ते दिसत नाही. बराकीत रात्रभर दिवा जळतो, झोप तुटते. उठणे, जेवणे, आंघोळ, सारे दुसरा ठरवतो. हळूहळू माणसाचे स्वतः ठरवणेच सुटते. सुटून आलेला एक कातकरी भाऊ स्वतःच्या उघड्या दाराशी उभा राही, कोणी ‘जा’ म्हणेपर्यंत. शिक्षा झालेल्याला दिवस मोजता येतात. कच्चा कैदी फक्त पुढच्या तारखेची वाट पाहतो. ही अनिश्चितता मन पोखरते.

बाप्तिस्मा करणारा योहान रानात राहिलेला, निर्भय. तुरुंगात त्यालाही शंका आली. प्रभूने त्याला झिडकारले नाही, निरोप पाठवला. योसेफाला मात्र प्यालेबरदार दोन वर्षे विसरला.

२६ नोव्हेंबर २०२२ रोजी, संविधान दिनी, राष्ट्रपती द्रौपदी मुर्मू यांनी क्षुल्लक गुन्ह्यांसाठी वर्षानुवर्षे आत राहिलेल्या गरिबांची व्यथा न्यायाधीशांसमोर मांडली. आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम ४७९ सांगते की, पहिल्यांदाच आरोपी झालेल्याने कमाल शिक्षेचा एक-तृतीयांश काळ आत काढला, तर त्याला बंधपत्रावर सोडावे. फाशी-जन्मठेपेचे गुन्हे व काही अपवाद वगळून. पण अनेकदा जामीन मंजूर होऊनही माणूस आतच राहतो, कारण जामीनदार नसतो. भूमिहीन कातकरी घरात सातबारा कोठला?

म्हणून विनंती. घरच्यांना मुलाखतीसाठी एसटीचे भाडे द्या. आंबेगावहून यायचे तर दिवसाची मजुरीही बुडते. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो. अर्जासाठी सोबत जा. आणि शक्य असेल त्यांनी जामीनदार होण्याचा प्रार्थनापूर्वक विचार करा. नीतिसूत्रे याबाबत सावध करतात, हे खरे. तेव्हा आधी कुटुंबाला भेटा, वकिलाशी बोला. पण इब्री लोकांस पत्राच्या सातव्या अध्यायात प्रभू येशूलाच जामीन म्हटले आहे, हेही आठवा.

मत्तय २५ मध्ये प्रभू कैद्याचा गुन्हा विचारत नाही. आपण भेटायला गेलो का, एवढेच पाहतो.