मामाला नेमकं कशामुळं झालं?

आज शिरोळला घरी बसून रेकॉर्ड करतोय. ऊसतोड चालू आहे, मागं ट्रॅक्टरचा आवाज आला तर सांभाळून घ्या.

गेल्या महिन्यात माझ्या बहिणीला स्थळ आलं. चहा-पोहे झाले, उठता उठता मुलाच्या काकांनी विचारलं, "घराण्यात कुणाला काही आजार?" आई पटकन म्हणाली, "छे, काही नाही." मी खाली बघत बसलो. माझ्या सख्ख्या मामाला गेली बावीस वर्षं स्किझोफ्रेनिया आहे.

मामा तेव्हा तेवीस वर्षांचा, इचलकरंजीत यंत्रमागावर कामाला. आधी झोप गेली. मग म्हणायला लागला, शेजारचे भिंतीला कान लावून ऐकतात, टीव्हीवरचा माणूस माझ्याबद्दलच बोलतोय. घरात निदान झालं : बाहेरचं आहे. नृसिंहवाडी आम्हाला हाकेच्या अंतरावर. दर पौर्णिमेला त्याला वाडीला न्यायचे. माझीही वाडीवर श्रद्धा आहे, दक्षिणद्वार सोहळ्याला मी आजही जातो. पण यात तीन वर्षं गेली, आणि गोळी सुरू झाली ती नंतर मिरजेत. शिवाय कुणीतरी सुचवलंच, "लग्न करून टाका, ताळ्यावर येईल." नशीब, ते जमलं नाही.

सगळ्यात जास्त सोसलं ते आजीनं. "लाडानं बिघडवला" हे ती मरेपर्यंत ऐकत राहिली. गंमत म्हणजे, गंमत कसली, पण ही नुसती गावाकडची समजूत नव्हती. १९४८ मध्ये फ्रीडा फ्रॉम-राइशमन या मोठ्या मनोविकारतज्ज्ञ बाईंनी आईच्या वागण्यातून हा आजार होतो अशी कल्पना मांडली आणि पुढं कितीतरी वर्षं अमेरिकेतले डॉक्टरही आयांकडं बोट दाखवत राहिले. आज ती कल्पना पूर्ण बाद झाली आहे. आजीला हे सांगायचं राहून गेलं.

मग कारण काय? मी इंजिनिअर, मला सवय अशी की बग म्हणजे कुठल्यातरी एका ओळीत सापडणार. इथं तसं नाही. २०२२ च्या एका मोठ्या जागतिक अभ्यासात या आजाराशी जोडलेल्या जनुकांच्या २८७ जागा सापडल्या. बहुतेकांचा वाटा अगदी किरकोळ. ढोबळ आकडे सांगतो. सर्वसाधारणपणे शंभरात एकाच्या आसपास हा आजार होतो. सख्ख्या भावंडाला असेल तर शंभरात नऊ-दहा. आणि एकसारख्या जुळ्यांपैकी एकाला असेल तर दुसऱ्याला साधारण चाळीस ते पन्नास टक्के. म्हणजे जनुकं तीच असूनही निम्मे तरी जुळे ठीक राहतात! फक्त रक्तावर ढकलून हिशोब लागत नाही.

उरलेलं कुठून येतं? काही अगदी आईच्या पोटात असताना. १९४४-४५ च्या हिवाळ्यात जर्मन नाकेबंदीमुळं हॉलंडमध्ये भयंकर उपासमार झाली. त्या काळात गर्भात आलेल्या मुलांमध्ये पुढं या आजाराचं प्रमाण जवळजवळ दुप्पट दिसलं. बाळंतपणातली गुंतागुंत, लहानपणी झालेले अत्याचार, यांचाही वाटा आहे.

पण आजार विशीतच का उफाळतो? याचं एक उत्तर मला फार पटलं. तासगावकडं द्राक्षाची छाटणी बघितली असेल तुम्ही. किशोरवयात मेंदूही पेशींमधल्या नको त्या जोडण्या अशाच छाटतो. २०१६ मध्ये सी-फोर नावाच्या जनुकावर संशोधन आलं. त्याचे काही प्रकार ही छाटणी जरा जास्तच करत असावेत असा अंदाज आहे. कात्री जास्त चालली की वेलाचं काय होतं, ते बागायतदाराला विचारा.

आणि आता कान देऊन ऐका : गांजा. कमी वयात, रोज आणि कडक माल ओढणाऱ्यांमध्ये धोका स्पष्ट वाढतो. पुण्यात माझ्या रूमवर "नैसर्गिक आहे रे" म्हणत ओढणारे होते. ज्याच्या घरात हा आजार आहे, त्यानं हात लावू नये. मी लावला नाही. धैर्य वगैरे नव्हतं, मामा डोळ्यासमोर होता म्हणून.

कॉलेजात असताना मी 'देवराई' बघितला. २००४ चा सिनेमा, सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांचा. अतुल कुलकर्णीनं केलेला शेष बघून मला वाटलं, यांनी आमच्या मामाला कुठं बघितलं? सिनेमामागं डॉ. जगन्नाथ वाणी होते. मूळचे धुळ्याचे, कॅनडात कॅलगरीला संख्याशास्त्राचे प्राध्यापक. त्यांच्या पत्नीलाच हा आजार होता. पुण्यातली स्किझोफ्रेनिया अवेअरनेस असोसिएशन त्यांनीच उभी केली. एवढा शिकलेला माणूस घरातला आजार चारचौघांत बोलला, आणि आम्ही पोह्यांच्या बशीमागं लपलो.

तर, भाचा म्हणून माझा धोका किती? ढोबळ मानानं शंभरात चार. बहिणीचाही तेवढाच. मी अठ्ठावीसचा आहे, पुरुषांमध्ये सुरुवात होण्याचं मुख्य वय बऱ्यापैकी मागं पडलंय. तरी प्रोजेक्टच्या गडबडीत दोन रात्री झोप नाही लागली की मी स्वतःकडं संशयानं बघतो, खोटं कशाला बोलू.

कुणाला असं काही जाणवत असेल तर १४४१६ वर फोन लावा, टेलि-मानस, सरकारी आहे, पैसे पडत नाहीत.

बहिणीनं परवा स्वतःच त्या मुलाला फोन करून मामाबद्दल सगळं सांगितलं. आई दोन दिवस तिच्याशी बोलली नाही. तिकडून अजून उत्तर नाही.

आणि हा भाग मामाला विचारूनच केलाय. वैरण टाकत होता. म्हणाला, "नाव घालू नकोस. बाकी सांग. आणि गोळ्या अजून चालू आहेत, तेही सांग."