इस्पितळाच्या दारावरील राजाचें नांव

लंडन शहरांत स्मिथफील्ड नांवाचा एक जुना भाग आहे. मांसाचा मोठा बाजार म्हणून तो शेंकडों वर्षें प्रसिद्ध आहे. त्या बाजाराच्या शेजारींच सेंट बार्थोलोम्यू हें इस्पितळ असून त्याच्या दरवाज्यावर आठव्या हेन्री राजाचा पुतळा उभा आहे. हा पुतळा १७०२ सालीं बसविण्यांत आला. लंडनांत उघड्यावर असलेला त्या राजाचा एवढा एकच पुतळा. सहा लग्नें करणारा आणि दोन राण्यांचीं मस्तकें उडविणारा हा पुरुष रोग्यांच्या दारीं पहारेकऱ्यासारखा उभा असलेला पाहून नवख्या माणसाला थोडी मौज वाटल्यावांचून राहत नाहीं.

पण तो तेथें कां आला तें ऐकण्यासारखें आहे. हें इस्पितळ ११२३ सालीं राहीर नांवाच्या, पूर्वीं राजदरबारीं असलेल्या एका धर्मपुरुषानें स्थापन केलें. पुढें आठव्या हेन्रीनें रोमच्या पोपाशीं संबंध तोडून देशांतील मठ खालसा केले, तेव्हां इस्पितळाचा आधारच तुटला. भिंती राहिल्या, उत्पन्न गेलें. लंडनच्या नागरिकांनीं विनंत्या केल्या आणि अखेर १५४७ च्या जानेवारींत, म्हणजे मरणापूर्वीं थोडेच दिवस, राजानें तें नव्या सनदेनें नगराच्या हवालीं केलें. सनदेंत इस्पितळाला राजाच्या नांवाचें एक लांबलचक बिरुद दिलेलें आहे. लोकांनीं तें कधींहि उच्चारलें नाहीं. त्यांनीं जुन्याच संताचें नांव तोडून ‘बार्ट्स’ केलें, आणि आजहि तें बार्ट्सच आहे. एका हातानें घेतलेलें दुसऱ्या हातानें परत करणाराला दाता म्हणावें कीं नाहीं याचा निकाल त्या काळच्या गोरगरिबांनीं आपल्यापुरता लावलेला दिसतो.

श्रोतेहो, ब्रिटनमधील राजनामांकित इस्पितळांची हकीकत सांगतांना हा पुतळा डोळ्यांसमोर ठेवलेला बरा. कारण दारावर नांव राजाचें असलें तरी पैसा कोणाचा आणि आंत प्रवेश कोणाला, हे प्रश्न त्या नांवानें सुटत नाहींत. उलट पुष्कळदां ते त्या नांवाआड झांकले जातात.

अठराव्या शतकांत लंडनांत बरींच नवीं इस्पितळें निघालीं. वेस्टमिन्स्टर, मिडलसेक्स हीं स्थळांवरून ओळखलीं गेलीं. गाय्ज हें थॉमस गाय या पुस्तकविक्या धनिकावरून. सेंट जॉर्जेस संतावरून. त्यांतील बहुतेक वर्गणीवर चालत. वर्गणी देणाराला त्याबद्दल एक अधिकार मिळे : अमुक इतक्या रोग्यांना इस्पितळांत घ्यावें अशी चिठ्ठी देण्याचा. म्हणजे आजारी गरिबानें प्रथम वैद्याकडे जावयाचें नाहीं, तर वर्गणीदाराच्या दारीं जाऊन चिठ्ठी मागावयाची. दाता दयाळू व घरीं असेल तर ठीक. तो गांवाला गेला असेल तर रोगानें त्याच्या परतण्याची वाट पाहावी! आपल्याकडे मोठ्या माणसाच्या चिठ्ठीवांचून काम होत नाहीं म्हणून आपण हळहळतों, पण या चिठ्ठीचें माहेर पुष्कळ ठिकाणीं आहे.

अशा वर्गणीच्या संस्थांना राजघराण्यांतील व्यक्ति आश्रयदाती मिळाली कीं त्यांचें भाग्य उघडे. लंडनच्या एका सूतिकागृहाला १८०९ सालीं तिसऱ्या जॉर्जची राणी शार्लट ही आश्रयदाती लाभली, आणि पुढें तें तिच्याच नांवानें ओळखलें जाऊं लागलें. राणीनें तिजोरी मोकळी केली असें नव्हे. पण राणी जेथें नांव देते तेथें सरदारांच्या बायका वर्गणी देतात. या सूतिकागृहाची खरी थोरवी निराळीच आहे. इतर सूतिकागृहें विवाहाचा दाखला पाहिल्यावांचून स्त्रीला उंबऱ्याच्या आंत घेत नसत, त्या काळांत येथें पहिलटकरीण अविवाहित स्त्रियांनाहि आसरा मिळे. राणीचें नांव पाटीवर असल्यामुळें शिष्ट लोकांचीं तोंडें थोडींफार बंद राहिलीं असतील, असें मला वाटतें. नांवाचा हा उपयोग लहान म्हणतां येणार नाहीं.

याच राणी शार्लटच्या इस्पितळांत १९३६ सालीं एक गोष्ट घडली. बाळंतिणींना होणारा सूतिकाज्वर हा त्या वेळेपर्यंत घरोघरचा काळ होता. जर्मनींत डोमाक यानें शोधलेलें प्रोंटोसिल नांवाचें लाल औषध लेनर्ड कोलब्रुक व त्यांच्या सहकारी मेअव्ह केनी यांनीं तेथील बाळंतिणींना देऊन पाहिलें. पूर्वीं त्याच कक्षांत दर चार-पांच बायकांमागें एक दगावत असे; नव्या औषधाच्या पहिल्या अडतीस रोग्यांपैकीं तिघीच दगावल्या. ज्यांना आईचें छत्र राहिलें त्या मुलांना हें कदाचित् ठाऊकहि नसेल.

आतां चिठ्ठीकडे पुन्हां वळूं. १८२७ च्या हिवाळ्यांत विल्यम मार्सडन नांवाच्या एका तरुण शस्त्रवैद्याला लंडनच्या होबर्न भागांत सेंट अँड्र्यूज चर्चच्या आवारांत एक मुलगी आसन्नमरण अवस्थेंत पडलेली आढळली. तिला तो इस्पितळांत नेऊं पाहत होता, पण तिच्यापाशीं कोणा वर्गणीदाराची चिठ्ठी नव्हती. कोणीं घेतलें नाहीं. ती मुलगी वांचली नाहीं. पुढल्याच वर्षीं, १८२८ च्या एप्रिलांत, मार्सडननें ग्रेव्हिल स्ट्रीटमध्यें एका लहानशा घरांत दवाखाना उघडला. तेथें चिठ्ठी लागत नव्हती, पैसा लागत नव्हता. दारिद्र्य आणि रोग हेंच प्रवेशपत्र. १८३२ सालीं लंडनांत पटकीची सांथ आली, तेव्हां बाकीच्यांनीं दारें लावून घेतलीं आणि हें दार मात्र उघडें राहिलें. १८३७ सालीं व्हिक्टोरिया राणी गादीवर आली. तिनें या संस्थेला ‘रॉयल’ म्हणवून घेण्याची परवानगी दिली आणि ती ‘रॉयल फ्री हॉस्पिटल’ झाली. ‘राजमान्य’ आणि ‘फुकट’ हे दोन शब्द एकाच पाटीवर आले. इंग्लंडांतील राजनामांकित इस्पितळांच्या सर्व नांवांत मला हें नांव अधिक आवडतें, कारण त्यांत राजाच्या नांवापुढें लगेच गरिबाचा हक्क लिहिलेला आहे.

याच इस्पितळानें आणखी एक दार उघडलें. लंडनांत स्त्रियांसाठीं वैद्यकीय शाळा १८७४ सालीं निघाली होती. परंतु विद्यार्थिनींना रोग्यांच्या खाटेशीं उभें करील असें एकहि मोठें इस्पितळ मिळेना. शिक्षण अर्धवट राहूं लागलें. १८७७ सालीं रॉयल फ्रीनें त्यांना आंत घेतलें. तेंहि सहजासहजीं नव्हे : मुली आल्यानें वर्गणीदार रुसतील या भीतीपोटीं शाळेला नुकसानभरपाईची हमी द्यावी लागली. वर्गणीदार रुसल्याचें मात्र दिसलें नाहीं. येथें शिकलेल्या विद्यार्थिनींत आपल्या मुंबईची एक मुलगी होती. बालपणीं झालेल्या लग्नाच्या नवऱ्याकडे नांदावयास जाणार नाहीं, प्रसंगीं तुरुंगांत जाईन, असें हायकोर्टाला ठणकावून सांगणारी रखमाबाई ती हीच. १८८९ सालीं ती विलायतेस गेली, १८९४ सालीं तिचें शिक्षण पुरें झालें, आणि परत येऊन सुरतेस तिनें वर्षानुवर्षें स्त्रियांची शुश्रूषा केली. चिठ्ठी नसल्यामुळें मेलेल्या त्या अनाम मुलीपासून डॉक्टर रखमाबाईंपर्यंत हा धागा येऊन पोंचतो.

व्हिक्टोरियाच्या नांवाची इस्पितळें तर गांवोगांव आहेत. त्यांतील सर्वांत भव्य आणि सर्वांत फसलेलें म्हणजे साउदॅम्प्टनजवळील नेटलीचें लष्करी इस्पितळ. क्रिमियाच्या युद्धानंतर, १८५६ सालीं, राणीनें स्वतः त्याची कोनशिला बसविली. इमारत जवळजवळ पाव मैल लांब. समुद्राकडून पाहणाराला राजवाडा वाटावा. पण समुद्राकडील उजेड-वारा लांबच लांब पडव्यांना मिळाला आणि रोग्यांचे कक्ष मागच्या बाजूला गेले. फ्लॉरेन्स नाइटिंगेल यांनीं नकाशे पाहून तीव्र हरकत घेतली. पंतप्रधान पामर्स्टन यांनाहि ती पटली. पण पाया भरून झाला होता, पैसा खर्च झाला होता, आणि युद्धखात्यानें ऐकलें नाहीं. हिंदुस्थानांत नोकरीस येणारे सरकारी डॉक्टर पुष्कळ वर्षें येथेंच तयार होत. हिंवताप डासांमार्फत पसरतो हा शोध लावणारे रोनल्ड रॉस त्यांतलेच. पहिल्या महायुद्धांत हिंदी शिपाईहि येथें उपचारासाठीं आणले गेले. १९६६ सालीं ती इमारत पाडली. मधलें प्रार्थनामंदिर तेवढें शिल्लक आहे.

१८९७ सालीं राणीच्या राज्यारोहणाला साठ वर्षें झालीं, तेव्हां शहराशहरांत स्मारकनिधि निघाले. न्यूकॅसलनें आपल्या जुन्या, १७५१ सालच्या रुग्णालयाऐवजीं नवें बांधलें व त्याला राणीचें नांव दिलें. त्याचें उद्घाटन १९०६ सालीं झालें. बेलफास्टनेंहि तसेंच केलें. तेथें जहाजें बांधणारे पिरी हे महापौर होते; ज्यांच्या कारखान्यांत पुढें ‘टायटॅनिक’ बांधलें गेलें तेच. निधीसाठीं त्यांच्यापेक्षां त्यांच्या पत्नीनेंच अधिक दारें ठोठावलीं म्हणतात. १९०३ सालीं सातव्या एडवर्डनें उद्घाटन केलेलें हें ‘रॉयल व्हिक्टोरिया’ नांवापेक्षां हवेसाठीं प्रसिद्ध आहे. मोठाले पंखे तळघरांतील बोगद्यांतून हवा लोटीत. ती हवा काथ्याच्या दोऱ्यांच्या पडद्यांतून जाई आणि त्या पडद्यांवर सतत पाणी ठिबकत राही. धूळ व धूर तेथेंच अडके, हवा ओलसर होई, आणि थंडीच्या दिवसांत वाफेच्या नळ्यांवरून ऊन होऊन कक्षांत शिरे. उन्हाळ्यांत वाळ्याचे पडदे शिंपणाऱ्या आपल्या लोकांना यांत परकें कांहीं वाटूं नये. शिवाय काथ्या म्हणजे आपल्या नारळाचाच! हवा यंत्रानें येत असल्यानें खिडक्यांसाठीं मोकळीं अंगणें सोडण्याची गरज उरली नाहीं व कक्ष एकमेकांना चिकटून बांधतां आले. वातानुकूलित इमारतींच्या इतिहासांत तिचें नांव अगदीं आरंभीं घेतात.

राणीच्या या महोत्सवांतूनच युवराजांच्या नांवानें लंडनच्या इस्पितळांसाठीं एक कायम निधि निघाला. युवराज राजे झाल्यावर, १९०२ सालीं, तो ‘किंग एडवर्ड्स हॉस्पिटल फंड’ झाला. हा निधि केवळ पैसे वांटीत नसे. हिशेब मागे, तपासणीस पाठवी, आणि उधळपट्टी करणाऱ्या संस्थेचा हात आंखडी. राजाच्या नांवाचा हा शिस्तीसाठीं झालेला उपयोग. त्याच १९०२ च्या जून महिन्यांत राज्याभिषेकाला दोन दिवस राहिले असतां एडवर्ड राजाच्या पोटांत गळूं झालें. शस्त्रक्रिया फ्रेडरिक ट्रीव्हज यांनीं केली. पण ती इस्पितळांत नव्हे, बकिंगहॅम राजवाड्यांत! इस्पितळ हें तेव्हां गरिबांचें ठिकाण होतें. ऐपतवाल्यांचें आजारपण घरींच होई. दारावर ज्याचें नांव त्याला तें दार ओलांडण्याचा प्रसंग येत नसे.

एडवर्डचें नांव आपल्या मुंबईलाहि मिळालें. परळचें के. ई. एम. इस्पितळ १९२६ सालीं सुरू झालें. जोडीच्या वैद्यकीय महाविद्यालयासाठीं शेट गोर्धनदास सुंदरदास यांच्या वारसांकडून देणगी आली, ती अध्यापक हिंदी असावेत या अटीवर. पाटीवर राजा आणि आंत स्वदेशी डॉक्टर, असा तो तोडगा होता.

राजघराण्यानें खरोखर हातून कांहीं दिल्याचें उदाहरण हवें असेल तर एडवर्डची पत्नी अलेक्झांड्रा हिचें द्यावें लागेल. १९०० सालीं तिनें आपल्या माहेरच्या डेन्मार्कांतून फिन्सेन यांचा प्रकाशोपचाराचा दिवा लंडन हॉस्पिटलला आणून दिला. चेहरा खाऊन टाकणाऱ्या क्षयजन्य त्वचारोगावर तेव्हां तो मोठा आधार होता. १९१२ पासून तिच्या नांवानें कृत्रिम गुलाबांची विक्री करून इस्पितळांसाठीं पैसा जमूं लागला. ते गुलाब अपंग स्त्रिया व मुली बनवीत. मजेची गोष्ट अशी कीं दिवा मिळालेल्या इस्पितळाच्या आवारांत अलेक्झांड्राचा पुतळा आहे, पण ‘रॉयल’ हें बिरुद त्याला मिळालें तें १९९० सालीं.

आणि ज्यांचें नांव कोणत्याच पाटीवर नाहीं त्यांचें काय? बर्मिंगहॅमच्या कारखान्यांतील मजुरांनीं १८७३ पासून शनिवारच्या पगारांतून पेनी-पेनी काढून इस्पितळांचा फंड चालविला. त्याच शहरांत १९३८ सालीं नवें प्रचंड इस्पितळ रोगी घेऊं लागलें. त्याला नांव मिळालें सहाव्या जॉर्जच्या राणीचें, एलिझाबेथचें.

५ जुलै १९४८ रोजीं राष्ट्रीय आरोग्यसेवा सुरू झाली. बहुतेक सर्व इस्पितळें सरकारच्या ताब्यांत आलीं, वर्गणी गेली, चिठ्ठी तर केव्हांच गेली होती. राजाश्रयाची गरज संपली. तरी नांवें राहिलीं, इतकेंच नव्हे तर वाढलीं. एलिझाबेथ मात्र आतां दोन झाल्या, माता आणि कन्या. बर्मिंगहॅमची मातेची; वेल्विनचें १९६३ सालचें इस्पितळ कन्येचें, आणि ग्लासगोचें २०१५ सालचेंहि कन्येचेंच. मार्गेटच्या लोकांनीं घोंटाळा नको म्हणून पाटीवर ‘राजमाता’ हा शब्द स्पष्ट घातला आहे. नॉरफोकमधील किंग्ज लिन येथेंहि १९८० पासून एक क्वीन एलिझाबेथ हॉस्पिटल आहे. राजघराण्याचा सँड्रिंगहॅमचा वाडा तेथून जवळच. तें हलक्या, पोकळीच्या काँक्रीटनें बांधलेलें. त्या काँक्रीटचें आयुष्य तीसएक वर्षांचें धरलें होतें. मुदत उलटून गेली, आणि छत खचूं नये म्हणून कक्षाकक्षांतून पोलादी टेकू लावावे लागले. खाटांच्या मधून परिचारिका त्या खांबांना वळसे घालीत हिंडत. २०२३ च्या मे महिन्यांत सरकारनें तेथें नवें इस्पितळ बांधण्याचें जाहीर केलें.