हुकूम झाला, पुढे काय?



'न्यायालयाचा अवमान' म्हटले की कोणीतरी न्यायाधीशाला दुरुत्तर केले असावे, असे आपल्या मनात येते. मला बोलायचे आहे ते मुकाट्याने होणाऱ्या अवमानाविषयी. हुकूम होतो, नक्कल मिळते, आणि ज्याने तो पाळायचा तो स्वस्थ बसून राहतो. जाणूनबुजून केलेल्या अशा अवज्ञेला १९७१ च्या कायद्यात दिवाणी अवमान म्हटले आहे. त्यात अप्रतिष्ठा न्यायालयाची होते खरी, पण पदरी नुकसान येते ते दावा जिंकलेल्याच्या.

मोठ्यांना कोण विचारतो, असे आपण म्हणाल. आपल्याच राज्यातील उदाहरण घ्या. लाकूड कापण्याच्या गिरण्यांना परवानगी देण्यावर सर्वोच्च न्यायालयाने निर्बंध घातले असता वनखात्याने काही गिरण्या चालू दिल्या. १० मे २००६ रोजी त्या काळचे वनमंत्री सुरूपसिंग नाईक आणि खात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना न्यायालयाने एकेक महिन्याची कैद सुनावली. माफीनाम्याने भागले नाही.

मात्र हे शस्त्र जपून वापरायचे आहे. पैशाचा किंवा ताब्याचा हुकूमनामा झाला असेल, तर पहिली वाट दरखास्तीची. बारामतीच्या किंवा इंदापूरच्या न्यायालयाचा तूर्तातूर्त मनाई हुकूम कोणी मोडला, तर त्याच न्यायालयाला मिळकत जप्त करण्याचा आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदेत ठेवण्याचा अधिकार आहे. तेथेच अर्ज करावा. कनिष्ठ न्यायालयाच्या अवमानाबद्दल १९७१ च्या कायद्याखाली शिक्षा करणे हे उच्च न्यायालयाचे काम. ती शिक्षा फार तर सहा महिन्यांची साधी कैद किंवा दोन हजार रुपये दंड, अथवा दोन्ही.

त्यासाठी आपल्याला मुंबई गाठावी लागते. नीरेपलीकडच्या फलटण-माळशिरसकरांना ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूर मिळाले. पुणे जिल्हा मुंबईकडेच राहिला. लांबचा प्रवास म्हणून माणूस 'पुढच्या सुगीनंतर पाहू' म्हणतो, आणि तेथेच फसतो. अवमान घडल्यापासून एक वर्षाच्या आत कारवाई सुरू झाली पाहिजे, असे कायदा सांगतो.

म्हणून हुकुमाची सही-शिक्क्याची नक्कल त्वरित काढा, ज्याने तो पाळायचा त्याच्या हाती ती पोचवा, आणि तारखेसह पोच घ्या. 'मला हुकूम ठाऊकच नव्हता' या सबबीला तो चिटोरा पुरून उरतो.

बापाने हुकूम मिळवावा आणि तो पाळला जावा म्हणून मुलाने पुन्हा खेटे घालावेत, अशी पाळी आली तर लोकांचा न्यायावरचा विश्वास उडतो. मग बांधाचा तंटा कुऱ्हाडीने तोडायला माणूस कचरत नाही. हुकूम पाळला जाणे म्हणजे गावात शांतता नांदणे होय.